कंडक्टरचा डोंगर

दोन हजार सोळा साल होतं आणि नामदेव कंडक्टर अठ्ठावन्न वर्षांचा होता. एसटीची नोकरी संपली, त्यानं अंगावरची खाकी उतरवली आणि गावात राहायला आला. खाकी उतरली, कंडक्टरी काही उतरली नाही. पहिल्याच आठवड्यात गावात लग्न होतं. पंगतीला माणसं मांडवाच्या तोंडाशी खोळंबली, आत जागा रिकामी. मागून आवाज आला, "पुढे सरका, पुढे सरका! मधी जागा हाय! ओ मामा, दारात काऊन उभे? तुमचं ठेसन आलं का?"

मामा म्हणजे नवरदेवाचा सख्खा मामा. तोही सरकला. त्या दिवशी गावात पहिल्यांदा पंगत वेळेवर उठली.

नामदेव आणि मी चौथीपर्यंत एका बस्करावर बसलो. पुढं तो शिकला, मी म्हशी राखल्या. लिहिणं हे काही माझं काम नाही. पण आता तो नाही, आणि त्याच्याबद्दल गावात जो उठतो तो वेगळंच सांगतो. कोणी त्याला साधू करून टाकलं, कोणी पुढारी. तो दोन्ही नव्हता. तो कंडक्टर होता. हे मला ठाऊक, म्हणून मी लिहितो.

त्याच्या वरच्या खिशात एक नाणं असायचं. जेवणाच्या डब्याच्या झाकणावर ते एकदा वाजवलं की थांबा, दोनदा वाजवलं की चला. घरीसुद्धा हेच. त्याची बायको, आम्ही तिला कंडक्टरीन वहिनी म्हणायचो, ती चुलीवरून ओरडायची, "मले बेल मारू नका हो! मी काय तुमची गाडी हाय का?" तो म्हणायचा, "गाडी असती तर वेळेवर तरी निघाली असती." मग वहिनीचं लाटणं हवेत, आणि हा हसत ओट्यावर.

आता डोंगराचं सांगतो.

आमचं गाव देऊळघाटाच्या पलीकडं, डोंगराच्या पायाशी. डोंगर सरकारी, ई-क्लास म्हणजे गुरं चारायची जमीन. त्यावर सीताफळाची झाडं, कोणी न लावलेली, खडकातून आपली आपण उगवलेली. ग्रामपंचायत दर साली फळांचा लिलाव करायची. बाहेरचा व्यापारी घ्यायचा आणि त्याची माणसं चार दिवसांत डोंगर खरवडून न्यायची. फांदी वाकली नाही तर मोडायची. आणि आम्ही गावातले काय करायचो? व्यापाऱ्याच्या आधी हात मारावा म्हणून उजाडता उजाडता टोपली घेऊन पळायचो. हा गेला म्हणून तो, तो गेला म्हणून मी. फळ कच्चं आहे हे सगळ्यांना दिसायचं. पण आज आपण सोडलं तर उद्या दुसरा नेईल, मग कच्चं तर कच्चं. घरी आणून सोयाबीनच्या कुटारात, म्हणजे भुशात, दाबायचं. निम्मं फळ पिकायच्या ऐवजी काळं पडून दगड व्हायचं. ते दगड आम्ही उकिरड्यावर फेकायचो आणि पुढच्या साली पुन्हा पळायचो. कोणी मला शहाणपण सांगितलं असतं तर मी अंगावर गेलो असतो.

नामदेवनं शहाणपण सांगितलं नाही. त्यानं त्याच्या गाडीतलं सांगितलं.

पंधरा ऑगस्टची ग्रामसभा होती. त्या साली व्यापाऱ्यानं बोली फारच खाली आणली होती. झाडं मोडली, फळ बारीक आलं, असं त्याचं म्हणणं. मोडली कोणी ते त्यानं सांगितलं नाही. वर त्याची अट, डोंगर एकदम तीन सालासाठी द्या. उपसरपंच दिनकर म्हणाला, देऊन टाका, भांडण मिटलं. तेव्हा नामदेव उठला.

"मी तेहतीस साल गाडीत सीताफळाच्या टोपल्या पाह्यल्या," तो म्हणाला. "चिखलीच्या बाजाराले बाया माह्याच गाडीत बसत. डोंगरापलीकडच्या गावच्या टोपल्या बाजारात पोचतच नव्हत्या. गाडीतच खपत. प्रवासी जागा सोडून टोपलीजवळ जात. आन आपल्या गावच्या टोपल्या? जशा गेल्या तशा संध्याकाळच्या गाडीनं वापस. मी लगेजचं तिकीट दोनदा फाडलं हाय त्यायचं. फळ तेच, डोंगर तोच. फरक इतकाच, की त्या बाया डोळा उघडल्यावर तोडत, आन आपण डोळा उघडायच्या आधी."

सीताफळावर जे खवले असतात ना, त्यांच्या मधल्या रेघा फाकून पिवळसर झाल्या की डोळा उघडला म्हणतात. मग तोडलेलं फळ तीन-चार दिवसांत मऊ होतं. त्याच्या आधी तोडलेलं कधीच होत नाही.

"मंग काय करायचं म्हणता?" सरपंचबाईंनी विचारलं.

"एक हंगाम माह्या हाती द्या. दसऱ्यानंतरच्या सोमवारी डोंगर उघडन, त्याच्या आधी एकही माणूस फळाले हात लावणार नाही. डोंगराचे पाच थांबे करू. रोज एक थांबा. फांदी मोडायची नाही, शेंड्यावरचं फळ पाखराईले सोडायचं. गाडी साऱ्याईची हाय, घाई कोणाचीच नाही."

दिनकर हसला. "आन सोमवारच्या आधीच लोक पळाले तर?"

"तर तीन सालासाठी व्यापाऱ्याले देऊन टाका. कागदावर पहिली सही मी करतो."

असं ठरलं. सगळा डोंगर त्या एका सोमवारावर टांगला गेला. मी मागं बसून होतो. मला वाटलं, हा मरतो आता. आमचं गाव आणि थांबते?

पण पावणेदोन महिने थांबलं. रोज सकाळी नामदेव डोंगराच्या पायवाटेवर डबा घेऊन बसायचा. येणाऱ्या-जाणाऱ्याशी बोलायचा. बकऱ्या घेऊन येणाऱ्याला म्हणायचा, "या थांब्यावर लहान झाडं हायेत, पुढच्या थांब्यावर गवत चांगलं हाय, तिथं उतरा." माणूस हसून पुढं जायचा. भांडायला जागाच ठेवायचा नाही तो.

दसरा चार दिवसांवर आला. आणि मी, म्हणजे हेच लिहिणारा गणपत, एका पहाटे टोपली घेऊन डोंगरावर गेलो. का गेलो? डोंगर चढताना आमच्या शेताच्या बांधासमोर तिसऱ्या थांब्यावर एक झाड आहे. लहानपणापासून मी त्याला आपलं समजत आलो. म्हटलं, माझ्या झाडाला हा कोण थांबा म्हणणारा? झाड पुरतं उतरवलं. झाडावर मुंगळे होते, ते सदऱ्यात शिरले. टोपली कुटारात दाबली आणि चहा पीत बसलो.

तोवर गावात बोंब उठली. आमच्या आळीतली यमुनाबाई ओरडत आली, "डोंगराच्या पलीकडून टेम्पो लागला! फळ चाललं!"

झालं. ज्याच्या घरी टोपली होती त्यानं टोपली, नव्हती त्यानं पोतं, एकीनं तर पीठ उलटून परात उचलली. अर्धं गाव डोंगराकडं धावलं. माझी बायको मला म्हणाली, "तुमी काऊन बसले? चला!" आता मी काय सांगणार तिला? मीही रिकामी टोपली घेऊन पळालो.

पायवाटेच्या तोंडाशी नामदेव उभा. डब्यावर एकदा नाणं वाजलं. टण्ण.

"थांबा!"

"काऊन थांबा? तिकडं फळ चाललं!"

"पाह्यलं कोणी?"

सगळ्यांनी यमुनाबाईकडं बघितलं. ती म्हणाली, "मी ऐकलं. टेम्पोचा आवाज."

"यमुनाबाई, आवाज ऐकून मी आजलोक एकही तिकीट फाडलं नाही," नामदेव म्हणाला. "मी कोणाले अडवत नाही. सारे चढा. सारा डोंगर फिरून पाहू. लुटलेला दिसला तर मीच म्हणतो, तोडा. पण टोपल्या इथं राहतील. लगेज वर चढणार नाही."

लोक चुळबुळले. एक म्हातारी परात छातीशी धरून उभी होती. "माही परात कोण पाहीन?"

"पाहाले कायले पाहिजे कोणी, मावशी? माह्यासंग चला, परात इथंच बसते. परातीले पाय नाहीत."

हसू फुटलं. पहिली टोपली खाली पडली, मग दुसरी, मग ढीग लागला. नाणं दोनदा वाजलं आणि अख्खं गाव रांगेनं डोंगर चढू लागलं. तसं आमचं गाव मी ना लग्नात पाहिलं, ना मयतीत. पहिला थांबा, फळ जागेवर. दुसरा थांबा, जागेवर. आता भीती गेली आणि लोक फळांना नुसता हात लावून पाहू लागले. "याचा डोळा अर्धा उघडला." "हे पाहा, हे अजून झोपलेलं हाय." "ओ कंडक्टर, हे उठलं का?" "पापण्या हलून राह्यल्या त्याच्या, दोन दिवस लागतील."

तिसऱ्या थांब्यावर माझं झाड. बोडकं. त्याच्यावर एक फळ नव्हतं.

रांग थांबली. यमुनाबाईचा आवाज चढला, "पाह्यलं! मी म्हणत नव्हती! कोणी उतरवलं हे?"

माझ्या मानेवर मुंगळ्यांनी चावे घेतले होते ते पेटले. हात आपोआप मानेकडं गेला. नामदेव त्या झाडाकडं बघत होता, मग त्यानं माझ्याकडं बघितलं. एकच क्षण. मला वाटलं, आता हा नाव घेतो, आता सगळे टोपल्यांकडं पळतात, आणि डोंगर गेला. माझ्यापायी गेला.

"या झाडाचं मले माहीत हाय," तो म्हणाला. "फळ गावातच हाय, बाहेर गेलं नाही."

"नाव सांगा!"

"चालत्या गाडीत भांडण नाही. पुढे सरका."

आणि गाव सरकलं. माथ्यावर पोचलो तेव्हा पलीकडच्या वाटेवर तो टेम्पो उभा दिसला. देवीच्या भंडाऱ्याच्या मांडवाचे बांबू उतरत होते त्यातून. सगळे इतके हसले की यमुनाबाई पदरात तोंड घालून बसली. मग तीही हसली. कोणी भाकर आणली होती, कोणी ठेचा, ते वाटून खाल्लं आणि खाली आलो. परात जागेवर होती.

दिवस मावळताना नामदेव माझ्या ओट्यावर आला. सरळ विचारलं, "गणपतभाऊ, मानेले काय झालं?"

"घामोळं."

"मुंगळ्याचं घामोळं असते का बे? दाखव टोपली."

मी कुटार बाजूला केलं. त्यानं एक फळ उचलून बोटानं दाबलं. दगड. "पिकन हे?"

"पिकन," मी म्हणालो. मी काही लवकर हार मानणारा नाही.

"ठेव. सोमवारी सकाळी येतो. दोघं बसून खाऊ."

आणि आला. सोमवारी, डोंगर उघडायच्या आधी, हात-तोंड धुऊन ताटासमोर बसल्यासारखा बसला. "वाढ." मी टोपली काढली. सगळी काळी, गोटे झालेली. तो एक गोटा हातात फिरवत राहिला, मी जमिनीकडं बघत राहिलो.

"विनातिकीट सापडलं तर दंड असते, भाऊ," तो म्हणाला. "आठ दिवस चेकर व्हायचं. खाली उतरणारी एकएक टोपली तपासायची. डोळा न उघडलेलं फळ दिसलं तर वेगळं काढायचं आन तोडणाराले सांगायचं."

"मी? माह्या घरचा कोणी आजलोक कोणाची टोपली तपासत उभा राह्यला नाही."

"म्हणूनच तुले सांगून राह्यलो. तुह्यासारखा चेकर गावात दुसरा नाही. तुले कच्चं फळ कसं असते ते चांगलं माहीत हाय."

मला राग आला, आणि हसूही आलं. गेलो. आणि एकदा गेलो म्हटल्यावर मी काही हलकं काम करत नाही. पहिल्या दिवशी पहिली टोपली कंडक्टरीन वहिनीची आली. त्यातली दोन फळं मी बाजूला काढली. वहिनी म्हणाली, "भावजी, माहीच सापडली का?" मी म्हणालो, "डोळा बंद हाय, वहिनी." ती नवऱ्याकडं वळली. तो डोंगराकडं बघत होता, खांदे हलत होते त्याचे.

त्या हंगामात पाच थांबे पाच दिवस चालले, मग पुन्हा पहिल्यापासून, कारण राहिलेल्या फळांचे डोळे तोवर उघडले. एकच डोंगर महिनाभर पुरला. चिखलीकडं जाणाऱ्या गाडीत आमच्या टोपल्या खपल्या, तेव्हा व्यापारी गावात यायला लागले. तोही आला, लिलावातला. त्यानं टेम्पो सगळ्यांच्या पुढं आणून लावला. नामदेवनं नाणं एकदा वाजवलं. "भाऊ, लायनीत. तुमच्या आधी तीन गाड्या हायेत." तो बिचारा मागं गेला. त्या दिवाळीत यमुनाबाईच्या घरी शिलाई मशीन आली, बुद्धविहारासमोर पाण्याची टाकी बसली आणि शाळेच्या पोरांनी इतकी सीताफळं खाल्ली की शाळेच्या अंगणात बियाच बिया.

पण डोंगर अजून आमचा नव्हता. एकच हंगाम मिळाला होता. पुढचं सव्वीस जानेवारीच्या ग्रामसभेत ठरणार होतं.

दिनकर तयारीनं आला होता. म्हणाला, "हंगाम चांगला झाला, मी कायले नाही म्हणू? पण चोरी झाली ती लपवली. नाव सांगा म्हटलं तर सांगितलं नाही."

नामदेवला बोलता आलं असतं. तो फक्त आपल्या चपलांकडं बघत बसला. मग मला बसवेना. मी उठलो.

"झाड मी उतरवलं," मी म्हणालो. "दंडही भरला. आठ दिवस साऱ्याईच्या टोपल्या तपासल्या त्या हौसेनं नाही."

सभेत जो हशा उठला तो मला अजून ऐकू येतो. यमुनाबाई म्हणाली, "आन माह्या तीन टोपल्या मांगं सारल्या या चोरानं!" मीही हसलो. काय करणार?

दिनकरनं हात वर केला. "बरं, ते सोडा. माहं खरं म्हणणं हे हाय, की हा एका माणसाचा खेळ हाय. कंडक्टर वाटेवर बसला म्हणून लोक थांबले. उद्या कंडक्टर नसला तर? पुन्हा पळापळ. त्याच्यापेक्षा तीन सालाचा लिलाव बरा, गावाले पक्कं काही मिळन तरी."

हे मात्र खरं होतं. मी नामदेवकडं पाहिलं. मला वाटलं होतं, हा आता उठून काहीतरी मजेदार बोलेल. तो उठला, पण हळू.

"दिनकरभाऊ बराबर बोलला," तो म्हणाला. "मलेही हेच भेव हाय. उद्या सकाळी सात वाजता झाडाईवरची वाळकी काडी आन काळी पडलेली फळं काढायचं काम हाय. ती तशीच राह्यली तर पुढच्या साली रोग येते, फळ धरत नाही. या कामात कोणाले काहीच भेटत नाही, चार काड्या सरपणाच्या सोडून. मी कोणाले बोलवणार नाही. मी येणारही नाही. सभा उद्या अकरा वाजेलोक तहकूब करा. दहा माणसंही डोंगरावर आली नाहीत तर लिलाव करा, मी सही करतो."

सरपंचबाईंनी सभा तहकूब केली. त्या दिवशी गावात कोणी कोणाशी त्याबद्दल बोललं नाही. मी माझ्या बायकोशीही नाही. बोलावून आलेलं माणूस मोजायचं नाही, असं मला वाटलं.

दुसऱ्या दिवशी थंडी कडाक्याची होती. मी पावणेसातला पायवाटेवर पोचलो. कोणी नाही. सात वाजले. कोणी नाही. माझे पाय गार पडले होते, पण मनात जे गार पडलं ते वेगळं. मग धुक्यातून यमुनाबाई आली, कोयता खांद्यावर. तिच्या मागं दोघी. मग बुद्धविहाराकडून तिघं. मग शाळेचा शिपाई. मी मोजत होतो आणि मोजता मोजता चुकत होतो, पुन्हा पहिल्यापासून धरत होतो. तेविसावी आली ती दिनकरची बायको. माझ्याकडं बघून म्हणाली, "पाहता काय भावजी? मालक घरी हायेत. मी काही मालक नाही." आणि पुढं चढली. तिच्या मागून आणखी तिघं आले. कोणी नाणं वाजवलं नाही. आपोआप रांग लागली, पहिल्या थांब्यावर पाच, दुसऱ्यावर पाच, आणि काड्या मोडल्याचा कटकट आवाज डोंगरभर सुरू झाला.

मी कोयता तिथंच टाकला आणि गावात धावलो. या वयात धावलो. कंडक्टरच्या दाराशी वहिनी शेगडीजवळ बसली होती. मी ओरडलो, "कंडक्टर! अरे कंडक्टर!"

वहिनीनं खोलीकडं बोट दाखवलं. "रातभर डोळ्याले डोळा नाही. आत्ताशीक पडले हायेत."

आत गोधडीचा ढीग होता. त्यातून आवाज आला, "किती?"

"सव्वीस! दिनकरची बायको धरून सव्वीस!"

गोधडी थोडी हलली. "तू इथं काय करून राह्यला मंग?"

"तुले सांगाले आलो."

"म्हणजे डोंगरावर पंचवीसच उरले," गोधडी म्हणाली. "जा वापस."

मी दारात उभाच होतो. त्यानं कूस बदलली, गोधडी डोक्यावरून ओढून घेतली, आणि मी अंगण ओलांडायच्या आत त्याचं घोरणं सुरू झालं होतं.